गव्हाच्या कोठीतली लाली

सुखदेवच्या घरी फ्रिज आला तो अमोल नोकरीला लागला त्या वर्षी. पांढुर्णा नुकताच जिल्हा झाला होता, नव्या कचेरीत ऑपरेटरची जागा निघाली, पोरगं चिकटलं, आणि घरात पहिली मोठी वस्तू आली ती ही. गल्लीतल्या बाया बर्फ मागायला येऊ लागल्या. इंदूनं फ्रिजच्या डोक्यावर विणलेला रुमाल घातला. आणि थोड्याच दिवसांत त्याच्या दारातल्या सगळ्यात वरच्या, झाकणाच्या कप्प्यात नवऱ्याचा पितळी पानडबा येऊन बसला.

डब्यात पान नव्हतं, सुपारी नव्हती. तीन लिपस्टिक होत्या, एक काडेपेटी आणि कापसाची गुंडी. घरात हे कोणाला ठाऊक नव्हतं असं नाही. पण ठाऊक असणं वेगळं आणि बोलणं वेगळं. दुधाचं पातेलं काढताना इंदूचा हात त्या कप्प्याला लागायचा आणि ती तो मागे घ्यायची. अमोल पाण्याची बाटली काढायचा तो मान फिरवून, जसं अंगणात कोणी उघडं नहात बसावं.

सुखदेव नगरपालिकेत नळावर होता. अर्ध्या गावाचं पाणी त्याच्या हातानं सुटायचं. आणि मिसरूड फुटायच्या आधीपासून तो खडी गंमतीत नाच्या होता. डफ-ढोलकीवर उभ्यानं चालणारा हा खेळ. शाहीर सवाल टाकतो, मागचे झीलकरी सूर उचलून धरतात, आणि लुगडं नेसून, पायात चाळ बांधून बाईचं सोंग घेतो तो नाच्या. सुखदेवच्या सोंगाचं नाव मैना. मैना रिंगणात आली की म्हातारेही चिलीम खाली ठेवायचे, आणि बाया पदराआडून म्हणायच्या, आमच्यापेक्षा हाच बरा चालते माय.

लिपस्टिकला तो लिपस्टिक म्हणत नसे. फडात तिचं नाव लाली. त्याच्या गुरूनं त्याला नाच शिकवायच्या आधी लाली सांभाळायला शिकवली होती, आणि तीही गाण्यातच :

लाली लोन्याची बहीन, तिचं उन्हासंगं वैर,
सावलीत ठेव सखे, नाही तं ओठाची कुठं खैर.

थेट ओठाला कधी लावायची नाही. काडीला कापूस गुंडाळायचा, त्यानं उचलायची, आणि काम झालं की काडी चुलीत. एकाची लाली दुसऱ्यानं घ्यायची नाही, सख्खा भाऊ असला तरी. बोट लावायचं नाही. आणि जिला घाम आला, जिला वास आला, ती फेकून द्यायची, तिचं सुतक धरायचं नाही. "घाम आलेली लाली न रुसलेला झीलकरी," तो म्हणायचा, "दोघायलेही रिंगनात घेऊ नये."

त्यात भर टाकली ती लेकीनं, करुणानं. ती नागपूरला दिलेली. तिनंच बापाला ह्या तीन चांगल्या लिपस्टिक आणून दिल्या आणि बुडाशी छापलेलं बारीक चित्र दाखवलं, उघड्या झाकणाची डबी, तिच्यावर आकडा. "बाबा, उघडल्यापासून इतके महिने, त्याच्यावर नाही. आपल्याकडचं ऊन तं तुमाले मालूम आहे. उन्हाळ्यात फ्रिजमंधी ठेवत जा." तेव्हापासून डबा फ्रिजमध्ये होता. सुखदेवचा आकड्यावर विश्वास नव्हता, म्हणून तो प्रत्येक नळीला धागा बांधायचा आणि पोळा गेला की त्याला एक गाठ मारायचा. दोन गाठी झाल्या की नळी गेली. अजून तिन्हींना एकेकच गाठ होती.

चैत्र सरता सरता दादाजी आला. दादाजी संत्र्याच्या बगिच्याचा धनी आणि फडाचा शाहीर. तीन वर्षं फड निजलेला होता. लोक गंमत बोलवत नव्हते, डीजे बोलवत होते.

"का गा सुखदेव," दादाजीनं दारातूनच आवाज टाकला, "चाळ गंजली का पाय गंजले?"

"दोन्ही गंजले. पन तेल आहे घरात."

"मंग लाव. तिगाववाल्यायनं बोलावलं. बुद्धपौर्णिमेले, विहाराच्या पटांगनात."

इंदू चहा घेऊन आली. "भाऊजी, ह्या वयात मैना? कावळा म्हनतीन लोक."

"वहिनी, कावळ्याले लाली लावली तरी त्याची मैना होत नाही. ह्याची न लावताच होते." दादाजी हसला, मग बशी खाली ठेवून खालच्या आवाजात बोलला, "सुखदेव, हे जमलं पायजे. तिथले पोट्टे दोन पार्ट्यायत वाटले आहेत. अर्धे म्हनते गंमत, अर्धे म्हनते ट्रॉलीवर डीजे. ह्या खेपेले रंगली तं दरसाल आपन. तिघं-चौघं शिकालेही तयार आहेत. नाही रंगली, तं समज, डफ खुटीले."

त्या संध्याकाळी इंदूनं पाहिलं, तो अंगणात झाडू मारत होता आणि त्याची टाच जमिनीवर ठेका धरत होती. आधी मुकी, मग जराशी बोलकी. लग्न होऊन ती आली तेव्हा ह्याच ठेक्यावर तिचा जीव जडला होता. नवऱ्याचं नाचणं पाहून मन भरतं हे सांगायची सोय तेव्हा नव्हती, नंतर तर नव्हतीच.

अमोलला कळलं तेव्हा जेवणं चालू होती.

"बाबा, तुमी पुन्हा?"

"शेवटची, बेटा."

"मागची बी शेवटचीच होती." अमोलनं ताट सारलं. "तुमाले काही वाटत नाही का? आपल्या लोकायले शिकाले सांगतलं होतं. ओठ रंगवाले नाही."

सुखदेव भाकरी मोडत म्हणाला, "मैना तेच सांगते ना गा फडात. पोरीले शाळेत घाला म्हनते. लोकं ऐकत होते तिचं."

"ऐकत होते का पाहत होते?"

सुखदेवनं भाकरीचा तुकडा ताटात ठेवला. इंदूला वाटलं, आता हा काही तरी बोलेल, फडात सवालाला जबाब देतो तसा. पण घरातला सुखदेव आणि फडातली मैना ही दोन माणसं होती. मैनेला जबाब यायचे. सुखदेव हात धुवायला उठला.

पोराचा राग इंदूला कळत नव्हता असंही नाही. शाळेत त्याला पोरं 'मैनेचा' म्हणत. एकदा तो शर्ट फाडून घरी आला होता आणि का फाटला ते त्यानं आजवर सांगितलं नव्हतं. आणि मागच्या उन्हाळ्यातली ती सोयरीक तर कोण विसरणार? मुलीकडची आत्या थंड पाणी घ्यायला स्वतःच उठली, फ्रिज उघडला, पानडबा दिसला, सुपारी मिळेल म्हणून उघडला. "अगं माय! घरात लेक नाही, सून नाही, अन् ह्या तीन-तीन कोन लावते?" ती माणसं चहा पिऊन गेली ती गेलीच. मागून कानावर आलं, बापाचं असं आहे तं पोराचं काय सांगावं.

आता पुन्हा सौसरची सोयरीक चालून आली होती. मुलीचं नाव पूजा. शिकलेली, समजूतदार. अमोलनं तिच्याशी फोनवर दोनदा बोलून घेतलं होतं आणि फोन ठेवल्यावर तो स्वतःशीच हसला होता. किती दिवसांनी. घर पाहायला तिचे बाबा आणि तिची अलकाकाकू रविवारी यायचे होते, बुद्धपौर्णिमेच्या आधीच्या.

शनिवारी दुपारी अमोल कचेरीतून लवकर आला. बाप बाहेर गेलेला पाहून म्हणाला, "माय, तो डबा हलव फ्रिजमधून."

"हलवते ना."

"बाबाले सांगू नको. ते म्हनतीन, मीच बोलतो पाहुन्यायशी. न मंग बोलून बसतीन."

इंदू हो म्हणाली.

त्या दिवशी घरात वर्षाचा गहू भरणं चाललं होतं. दोन दिवस स्लॅबवर वैशाखाच्या उन्हात वाळवलेला, बोरिक पावडर चोळलेला, कडुलिंबाचा पाला घातलेला. असा गहू रातभर गार होऊ द्यायचा असतो आणि मग कोठीत भरायचा असतो, हे इंदूला तिच्या मायनं शिकवलं होतं. पण पाहुणे यायचे, जिन्यात आणि ओसरीत गव्हाची पोती कशी ठेवायची? म्हणून तिनं तो तापलेलाच पत्र्याच्या कोठीत ओतला. हात घातला तर चटका बसावा असा. त्याची धग तोंडावर आली, भट्टीच्या दारात उभं राहावं तशी.

आणि तिनं काय करावं? त्या घरात वस्तू लपवायची जागा एकच होती. करुणाकडे नागपूरला जायचं असलं की इंदू आपली पोत आणि कानातलं चिंधीत बांधून ह्याच कोठीत, गव्हाच्या पोटात, कोपरापर्यंत हात घालून ठेवायची. तिची मायही ठेवायची, सासूही. कोठीतलं सोनं कधी गेलं नव्हतं. मौल्यवान वस्तू म्हटली की इंदूचा हात आपोआप कोठीकडे वळायचा. तिनं पानडबा गव्हात खोल दाबला, वरून दाणा सारखा केला, झाकण लावलं. डब्याची कडी ढिली होती, हे तिच्या ध्यानात होतं. गहू तापलेला आहे, हेही तिच्या बोटांना ठाऊक होतं. पण बोटांना ठाऊक असलेलं मनापर्यंत पोचायला त्या दिवशी वाट नव्हती. मनात अलकाकाकू उभी होती, फ्रिजचं दार धरून.

रविवारी पाहुणे आले. पोहे झाले, चहा झाला. सुखदेव पांढरा सदरा घालून कोपऱ्यातल्या खुर्चीवर बसला होता, शाळेत नवं नाव घातलेल्या पोरासारखा. अलकाकाकू भिंतीवरच्या तसबिरी, पंखा, टाइल सगळं डोळ्यांनी तोलत होती.

"इवाई," ती सुखदेवला आताच व्याही मानून म्हणाली, "थंड पानी पाजा जी. ऊन काय आहे, बापा!"

इंदू उठायच्या आत सुखदेव उठला. फ्रिज समोरच्याच भिंतीला. इंदूला फक्त त्याची पाठ दिसत होती. त्यानं दार उघडलं, आतल्या दिव्याचा उजेड त्याच्या कानशिलावर पडला, हात बाटलीकडे जाता जाता वर गेला. कप्प्याचं झाकण त्यानं उचललं नाही. ते पारदर्शक होतं. तो तसाच उभा राहिला, कोणी हाक मारावी आणि कुठून ते कळू नये तसा. मग बाटली घेतली, दार हलकेच लावलं, आणि पेल्यात पाणी ओतलं. नळावरच्या माणसाचा हात तो. थेंब सांडला नाही.

"तुमाले काही शौक-बिक, इवाई?" अलकाकाकूनं विचारलं. "गानं, भजन?"

"बाबाले काहीच शौक नाही," अमोल म्हणाला. पटकन म्हणाला.

सगळ्यांनी सुखदेवकडे पाहिलं. "नाही जी," तो म्हणाला. "मी पानी सोडतो, लोकं पिते. झालं."

पाहुणे हसले. काकूला उत्तर आवडलं. जाताना पूजाच्या बाबांनी अमोलच्या पाठीवर हात ठेवला, आणि त्या हाताकडे पाहून इंदूनं ओळखलं, सोयरीक जुळली.

सगळे गेल्यावर सुखदेवनं सदऱ्याची गुंडी काढत विचारलं, "इंदू, कुठे ठेवली?"

"आहे. जपून ठेवली."

"थंड आहे ना जागा?"

"थंडच आहे जी."

"बरं केलं," तो म्हणाला. "पोराच्या जिंदगीचा सवाल आहे." त्याच्या बोलण्यात टोमणा नव्हता. असता तर बरं झालं असतं. टोमण्याला उलट बोलता येतं.

सोमवारी तो कामावर गेल्यावर इंदूनं कोठीत हात घातला. गहू अजून कोमट होता, उबवणीला बसलेल्या कोंबडीच्या पोटासारखा. डबा वर आला तो चिकट. कडी उघडी पडली होती, आत गव्हाचे दाणे, बोरिकची भुकटी, कापूस लालभडक. एका नळीचं टोपण निघालेलं, बाकीच्या दोघींच्या कडेनं तेल पाझरून वाळलेलं. तिनं वास घेतला. शेंगदाण्याच्या तेलाची बरणी तळाशी जुनी झाली की येतो तसा, खवट.

ती पातळ बदलून बाजारात गेली. नवी घेऊ, तिनं ठरवलं, अशीच, मातकट लाल. दुकानाच्या पायरीवर पाय ठेवला आणि आतून आवाज आला, "इकडं कुठं हो इहीनबाई?" काऊंटरपाशी अलकाकाकू! सौसरहून साड्या पाहायला आली होती. इंदूच्या बाजूला काचेत लिपस्टिकच्या रांगा उभ्या होत्या, साऱ्या रंगांच्या. तिनं त्यांच्याकडे पाठ केली. "पिना घ्याले आली," ती म्हणाली, आणि पिना घेऊन घरी आली.

घरी येऊन तिनं नळ्या चिंधीनं पुसल्या. दाणे वेचले. धागे कोरडे केले, गाठी तशाच ठेवल्या. जी नळी मधोमध खचली होती तिचं टोक तिनं अंगठ्यानं फिरवून नीट केलं, करंजीची कड दुमडावी तसं. बोट लावायचं नाही, हे ती लग्न झाल्यापासून ऐकत आली होती. मग डबा फ्रिजमध्ये ठेवला. दोन तासांनी पाहिलं तर लाली घट्ट झाली होती. चकाकत होती. दिसायला तर तीच. इंदूनं स्वतःला सांगितलं, लोणी नाही का वितळून पुन्हा थिजत?

पण ते लोणी ती पोळीवर घालत नसे, हेही तिला ठाऊक होतं.

पौर्णिमेच्या आदल्या दिवशी दादाजीच्या बगिच्यात लुगडी नेसून तालीम झाली. सुखदेव डबा घेऊन गेला. रात्री उशीजवळ पाण्याचा पेला ठेवून तो निजला आणि सकाळी उठला तेव्हा त्याचे ओठ सुजले होते. खालचा तर पिकल्या जांभळासारखा, कडेला बारीक फोड.

"काय झालं जी?" इंदूनं जवळ येत विचारलं.

"उन्हाचं असन."

"नका जाऊ मंग."

त्यानं तिच्याकडे पाहिलं. "इंदू, तिकडे डफ तापवाले बसले असतीन."

ती त्याच्याबरोबर गेली. कितीक वर्षांनी गेली. अमोल सौसरला गेला होता, पूजाकडे, म्हणून जाता आलं. तिगावच्या विहारामागे ताडपत्रीच्या आडोशाला त्यानं तोंडाला सफेदा लावला, कुंकू रेखलं. दिवस कलला होता, रेल्वेच्या रुळांवरून एक मालगाडी संथ चालली होती, पटांगणात पोरं सतरंज्यांवर लोळत होती. मग त्यानं पानडबा उघडला. काडीला कापूस गुंडाळला. सुजलेल्या ओठांवर तो कापूस टेकला तेव्हा त्याच्या डोळ्यांतून पाणी आलं आणि सफेद्यावर दोन रेघा उमटल्या. इंदूनं पदराच्या टोकानं त्या टिपल्या. तिच्या जिभेवर सगळं आलं होतं, कोठी, गहू, अंगठा. बाहेरून दादाजीनं हाक दिली, "ये व मैने, डफ तापला!" आणि सुखदेव उठला.

चाळ वाजली तशी पोरं उठून बसली. पाय अजून तेच होते. गिरकी घेतली तर लुगड्याचा घेर असा फुलला की एक म्हातारी कडाकड बोटं मोडत म्हणाली, "जगशीन गे बाई!" इंदूचा ऊर भरून आला. मग दादाजीनं सवाल टाकला आणि मैनेनं जबाबाला तोंड उघडलं. तिचं नेमाचं कवन :

माय म्हने बापाले, पोरीले पाटी घ्या,
भाकरीच्या आधी तिच्या हाती अक्षर द्या.

पण 'म' म्हणायला ओठ मिटावे लागतात. 'ब' म्हणायला मिटावे लागतात, 'प'ला, 'भ'ला. सुखदेवचे ओठ मिटत नव्हते. मायची आय झाली, बापाचा आआ झाला, पाटी आणि भाकरी तोंडातच राहिल्या, नुसती हवा बाहेर आली. पटांगणात क्षणभर काही कळलं नाही. मग कोणी तरी हसलं. मग सगळेच. त्यांना वाटलं हे सोंगच आहे, बोबडी मैना. पोरं पोटं धरून हसली, शिट्ट्या वाजल्या, कोणी मोबाईल वर धरले. सुखदेवनं कवन पुन्हा धरलं, हळू, एकेक अक्षर, आणि हशा दुप्पट झाला. इतका हशा मैनेनं उभ्या आयुष्यात मिळवला नव्हता. दादाजीनं डफावर थाप मारून पुढच्या ओळी स्वतःच ओढल्या, पण पोरीला पाटी द्या हे आता कोण ऐकतो?

खेळ अर्ध्यावर आवरला. ताडपत्रीमागे एक पोरगा आला, घामानं निथळत, डोळ्यांत हसून हसून पाणी. "आबाजी, लय हसवलं जी तुमी! जोक होता बापा!" तो खरंच खुश होता. त्याच्या मागे पटांगणात ट्रॉली आत येत होती, तिच्यावर पेट्या रचलेल्या.

दादाजीनं डफ पोत्यात घातला. "दवाखान्यात जा गा," एवढंच म्हणाला.

पांढुर्ण्याच्या डॉक्टरीणबाईनं बॅटरी धरून ओठ पाहिले. "काही लावलं होतं का, काका? जुनं क्रीम, मलम, काही?"

सुखदेवनं मान हलवली. "उन्हाचं आहे जी." शब्द अर्धेच उमटले.

"ऊन असं नाही करत," ती म्हणाली, पण मलम लिहून दिलं.

घरी परतताना जांबेच्या पुलावर रिक्षा थांबली, खाली नदी आटलेली, नुसते दगड. सुखदेवनं तिकडेच पाहत विचारलं, "गव्हात ठेवली होती का?"

इंदू त्याच्याकडे वळली. "कसं समजलं?"

"टोपनात दाना होता."

"कधी दिसला?"

"तालमीच्या दिवशी. उघडली तेव्हाच."

"अन् तरी लावली?" ती जवळजवळ ओरडली. "वास नाही आला तुमाले? काहून लावली मंग?"

सुखदेवनं जड ओठ सावरत एकेक शब्द जुळवला. "तू म्हनली होती ना, जागा थंड आहे."

रिक्षा पुढे निघाली.

ओठ बरे झाले, पण खालच्या ओठाला एका कडेला वळी राहिली. मलम लावून सुखदेव साक्षगंधाला बसला, लग्नाला उभा राहिला. सौसरच्या माणसांनी त्याचं कौतुक केलं, काय शांत माणूस आहे. तिन्ही नळ्या त्यानं दिवाळीच्या आधीच उकिरड्यावर टाकल्या होत्या. पानडब्यात आता सुपारी होती. तिगावहून पुन्हा बोलावणं आलं नाही. दादाजी कधी आला तर दोघं संत्र्याचं आणि नळाचं बोलायचे.

पूजा सून म्हणून आली आणि पहिला उन्हाळा लागला. पोर गोड होती. सासऱ्याला आपल्या हातानं चहा द्यायची. एका सकाळी सौसरला माहेरी जायला म्हणून तयार होऊन ती आतून आली, हातात लिपस्टिक, चेहरा कोमेजलेला.

"आई, पाहा ना, नवीनच आहे न वितळून राहिली. खोलीत लय गरम होते. कुठं ठेवू मी हिले?"

अमोल बूट घालत होता. मान वर न करता, सहज, प्रेमानं म्हणाला, "फ्रिजमंधी ठेव ना. दारात वरचा कप्पा रिकामाच आहे."

इंदूच्या हातातलं सूप थांबलं. तिनं अमोलकडे पाहिलं. त्याच्या चेहऱ्यावर काहीच नव्हतं. त्याला आठवलंच नव्हतं.

सुखदेव बशीतला चहा संपवून उठला. फ्रिज उघडून त्यानं तो कप्पा खांद्यावरच्या दुपट्ट्यानं पुसला, कोपरे, झाकण, सगळं. मग पूजाला म्हणाला, "टोपन घट्ट लावत जा, बेटा. अन् एकदा वितळली तं पुन्हा नको लावू, फेकून देजो. थिजली तरी ती तीच राहत नाही."

पूजा हसली. "अय्या बाबा! तुमाले कसं मालूम?"

अमोलच्या बोटांत बुटाची नाडी अडकली. तो तसाच राहिला, वाकलेला, बापाच्या तोंडाकडे न पाहता. सुखदेवनं पोराच्या त्या वाकलेल्या पाठीकडे पाहिलं.

"नळावर काम केलं ना," तो म्हणाला. "बाया पानी भरता भरता बोलत राहत. कानावर पडे."

पूजाला ते पटलं. अमोलनं नाडी ओढली, गाठ मारली.

आता इंदूनं बोलायचं होतं. एवढीच एक सून होती, जिला सांगता आलं असतं की हा मनुष्य कोण होता, त्याच्या पायांवर लोक कसे जीव टाकायचे, आणि ह्याच कप्प्यात काय होतं, कोणी काढलं. तिचे ओठ उघडले. अमोलनं मान वर करून एकदाच तिच्याकडे पाहिलं.

तिचे ओठ मिटले. तिचे मिटत होते, नीट, घट्ट. तिनं कोठीतून गहू काढला आणि पाखडायला बसली.